मार्मालेडचं सामान: पुण्यात काय घ्यावं, काय दुकानातच राहू द्यावं

मार्मालेड, म्हणजे लिंबावर्गी फळांचा सालीच्या कापांसकट केलेला जॅम, पातळ राहिलं की माणसं कृती बदलतात. पुढच्या वेळी ते चामड्यासारखं चिवट होतं, मग पुन्हा कृती बदलतात. कृती बहुतेक वेळा ठीकच असते, पण ती दुसऱ्या फळासाठी आणि समुद्रसपाटीवरच्या शेगडीसाठी लिहिलेली असते. इंग्रजी पुस्तकांतलं मार्मालेड सेव्हिलच्या कडू संत्र्याचं. ते फळ जानेवारी-फेब्रुवारीत स्पेनहून तिकडे पोहोचतं. भरपूर बिया, जाड पांढरा थर आणि सणसणीत आंबटपणा या तिन्ही गोष्टी त्या एकाच फळात असतात. पुण्याच्या बाजारात ते नाही. त्यामुळे इथे मिळणारी फळं, भांडी आणि उपकरणं एकेक करून पाहिली आहेत आणि कसोटी एकच लावली आहे: एक किलो फळातून साधारण दोन किलो नितळ, थरथरणारं, शेवटी जिभेवर किंचित कडू रेंगाळणारं मार्मालेड होतं का?

आधी एक घोळ निस्तरू. आपल्याकडे साखरांबा, मुरांबा, गुळांबा करणाऱ्यांचा पाकावर हात बसलेला असतो आणि मार्मालेडला तोच हात आड येतो. मुरांबा पाकात मुरतो, मार्मालेड थिजतं. मुरांब्याचा दाटपणा साखरेचा असतो. मार्मालेडला दाटपणा येतो तो सालीतल्या आणि बियांतल्या पेक्टिन नावाच्या, थिजवणाऱ्या पदार्थामुळे, आणि पेक्टिनचं जाळं बसायला आंबटपणा आणि साखर दोन्ही ठरावीक प्रमाणात लागतात: साखरेचा अंश ६५ टक्क्यांच्या आसपास, आम्लता पीएच ३ ते ३.३ च्या दरम्यान. म्हणून दोन बोटांत धरून एकतारी-दोनतारी बघण्याचा इथे काही उपयोग नाही. तार आली म्हणजे साखर आटली एवढंच कळतं, पेक्टिन बसेल की नाही ते कळत नाही. इथे तार बघायची नाही, सुरकुती बघायची. ते पुढे येईलच.

फळं

नवखा माणूस हमखास नागपुरी संत्री उचलतो. नाव ‘ऑरेंज मार्मालेड’, मग संत्रंच घ्यायचं, हा हिशेब सरळ आहे आणि चुकीचा आहे. संत्र्याची साल सैल, पातळ, तिच्याखाली पांढरा थर जवळजवळ नाहीच. म्हणजे पेक्टिन कमी. आंबटपणाही बेताचा. नुसत्या संत्र्याचं केलं तर रंग देखणा येतो, वास मात्र तेलकट आणि उग्र, आणि बरणी आडवी केली की सगळं वाहतं. संत्रं घ्यायचंच असेल तर एकूण फळाच्या चौथ्या हिश्शापर्यंत, रंगासाठी. डिसेंबर ते फेब्रुवारीत हातगाड्यांवर दिसणारं किन्नू थोडं बरं. साल घट्ट आणि बिया भरपूर. पंजाबातलं हे फळ मुळात कॅलिफोर्नियात दोन जातींच्या संकरातून तयार झालं. त्याच्या बिया फेकू नका, त्या कामाच्या आहेत.

मोसंबं हा पुण्यातला खरा आधार. जालना-छत्रपती संभाजीनगर भागातून येणारा माल मार्केट यार्डात वर्षाचे बरेच महिने असतो, साल जाड आणि चिकटून बसलेली, पांढरा थर चांगला. दोन उणिवा आहेत. एक, आंबटपणा फारच कमी, अर्ध्या टक्क्याच्या आसपास. तो बाहेरून घालावा लागतो. दोन, रंग. सालीचा हिरवा रंग आम्लात शिजला की शेवाळी-तपकिरी होतो, आणि मग साखर कितीही शुभ्र घेतली तरी मार्मालेड गढूळ दिसतं. म्हणून हिरवंगार, तुकतुकीत मोसंबं रसाला ठेवा. मार्मालेडसाठी पिवळसर झालेलं, हातात वजनदार लागणारं आणि नख लावल्यावर सालीतून तेल उडणारं निवडा. इथेच दहा मिनिटांत घरपोच फळं देणाऱ्या सेवा कमी पडतात. त्यांच्याकडे फळ गोड आहे का याची काळजी घेतली जाते, साल कशी आहे याची नाही, आणि निवडायची सोय नाही. या कामाला मंडईतला ओटाच बरा. विक्रेत्याला ‘सालीसाठी हवंय’ असं सांगितलं की तो एकदा चमकून बघतो, पण निवडू देतो.

ईडलिंबू हे या सगळ्यातलं सर्वांत उपयोगी आणि सर्वांत दुर्लक्षित फळ. लोणच्यापलीकडे त्याला कोणी विचारत नाही. साल जाड, खडबडीत, तिच्याखाली भरगच्च पांढरा थर, रस आंबट, वासाला मोसंब्यापेक्षा कितीतरी ताजं. सेव्हिलची जागा पूर्ण घेईल असं एकही फळ आपल्याकडे नाही, पण ईडलिंबू आणि मोसंबं मिळून ती बऱ्यापैकी घेतात: आंबटपणा आणि पेक्टिन ईडलिंबाचं, अंग मोसंब्याचं. ते रोज, प्रत्येक गाळ्यावर मिळत नाही. महात्मा फुले मंडईत चौकशी करावी लागते, आणि लोणच्याचा हंगाम असेल तेव्हा सहज सापडतं. न मिळाल्यास महाळुंग चालतं. त्यात रस नावापुरता आणि साल भरपूर असते, त्यामुळे कागदी लिंबाचा रस वाढवावा लागतो.

गणपतीच्या सुमारास पपनस येतं. त्याचा पांढरा थर बोटभर जाड, पेक्टिनची खाणच. पण थर सगळाच्या सगळा घेतला तर मार्मालेडऐवजी स्पंज खाल्ल्यासारखं लागतं. वरची पिवळी-हिरवी साल आणि थराचा पाव भाग कापात घ्या, उरलेला थर फडक्यात बांधून पातेल्यात सोडायच्या पुरचुंडीत.

आयात केलेली, गोल स्टिकर लावलेली संत्री दिसायला जाहिरातीतल्यासारखी असतात. सालीवर मेणाचा थर असतो आणि त्याखाली बुरशीनाशकही असू शकतं. सोलून खायला काही अडचण नाही, पण इथे साल हाच मुख्य माल आहे. गरम पाण्यात ब्रशने घासून मेण बरंचसं निघतं, सगळं नाही. महाग आहेत ते वेगळंच. आमचं मत: गरज नाही.

कागदी लिंबू मुख्य फळ म्हणून नको, साल पातळ आणि कडवट. आंबटपणासाठी मात्र त्याला पर्याय नाही. रसात सहा-सात टक्के सायट्रिक आम्ल असतं, म्हणजे ५० मिलि रसात तीन-साडेतीन ग्रॅम. उन्हाळ्यात लिंबू परवडेनासं होतं तेव्हा किराणा दुकानातलं लिंबूफूल, म्हणजे सायट्रिक आम्लच, ५० मिलि रसाऐवजी तीन-साडेतीन ग्रॅम घातलं तरी थिजण्यात फरक पडत नाही, वासात पडतो.

पाणी आणि साखर

पाण्याबद्दल कोणी लिहीत नाही, आणि पुण्याच्या उपनगरांत तेच आडवं येतं. खडकवासल्याचं नळाचं पाणी तुलनेने मऊ, त्यात साल दीड तासात शिजते. बोअरचं किंवा टँकरचं जड पाणी असेल तर त्यातलं कॅल्शियम पेक्टिनला धरून ठेवतं, साल दोन तासांनंतरही रबरासारखी राहते, आणि क्षार थोडी आम्लताही मारतात. किटलीत पांढरा थर बसत असेल तर मार्मालेडला शुद्धीकरण यंत्राचं पाणी वापरा. दोन लिटरचाच प्रश्न आहे.

साखर साधी किराण्यातलीच घ्या, मध्यम दाण्याची. बारीक साखर लवकर विरघळते एवढाच तिचा फायदा. गंधकाच्या प्रक्रियेने शुभ्र केलेल्या आपल्या साखरेवर उकळताना करडा फेस येतो, तो झाऱ्याने काढायचा. इथे एक खास मराठी स्वयंपाकघरातली चूक होते: पाकाची मळी काढायला दूध घालायची सवय. मार्मालेडमध्ये दूध गेलं की आम्लाने फाटतं आणि त्याचे कण सालीच्या कापांत अडकून बसतात. ते काही केल्या निघत नाहीत. फेस फारच असेल तर शेवटी पाव चमचा तूप, बस.

गुळाचं विचारणारे पुष्कळ असतात. कोल्हापुरी गूळ करताना रसात चुना घालतात. त्यामुळे आम्लता उतरते, थिजणं कमजोर होतं, शिवाय लिंबावर्गी वास गुळाखाली दबतो. चवीसाठी साखरेच्या दहाव्या हिश्शापर्यंत ठीक. त्यापुढे तो गुळांबाच. गुळांबा चांगलाच असतो, पण त्याला मार्मालेड म्हणू नये.

बेकिंगच्या दुकानांत पेक्टिनची पूड मिळते. वर दिलेली फळं घेतलीत तर ती विकत घेण्याचं कारण नाही. संत्र्याचा हट्ट असेल तरच किलोभर साखरेला चार-पाच ग्रॅम, तेही दहापट कोरड्या साखरेत मिसळून. नुसती टाकली तर साबुदाण्यासारख्या गुठळ्या होतात. पाकिटावर ‘लो मेथॉक्सिल’ लिहिलं असेल तर ती पूड कॅल्शियमने थिजणारी, कमी साखरेच्या जॅमसाठीची आहे, ती घेऊ नका.

भांडी

तांबट आळीत हातोड्याचे ठोके असलेली, कल्हई केलेली तांब्याची पातेली बघितली की हात खिशाकडे जातो. फ्रेंच जॅमवाले तांबंच वापरतात हेही खरं. पण ते फळ आणि साखर एकत्र, थोडा वेळ उकळतात. मार्मालेडमध्ये साल बिनसाखरेच्या आंबट पाण्यात दीड तास शिजते, आणि उघड्या तांब्याला हे आम्ल खातं. कल्हई असेल तर तांब्याशी संबंध येत नाही, पण स्टीलच्या झाऱ्याने तळ खरवडला की कल्हई जाते, आणि मार्मालेडचा तळ खरवडावाच लागतो. तांबं घ्या, अवश्य घ्या, बंबासाठी घ्या.

ॲल्युमिनियमच्या पातेल्यात आम्लामुळे धातूची चव उतरते आणि रंग करडा होतो. लोखंडी कढईत साल काळी पडते. लोखंडी विळीवर चिरलेल्या सालीच्या कडाही काळवंडतात, म्हणून चिरायला स्टीलची सुरी. उरतं जाड बुडाचं स्टील. तुळशीबागेत ‘लंगडी’ मागा, म्हणजे उंचीला कमी आणि तोंडाला रुंद पातेलं. २८ ते ३० सेंटिमीटर व्यास, बूड जाड किंवा तीन थरांचं. रुंदी का? साखर पडल्यावर पाणी झपाट्याने उडालं पाहिजे. अरुंद, उंच पातेल्यात तेच काम पाऊण तास चालतं, तेवढ्यात पेक्टिन तुटतं, रंग जळकट होतो. एवढं करून भांडं एक तृतीयांशापेक्षा जास्त भरू नका. साखर घातल्यावर मिश्रण दुप्पट-तिप्पट चढतं, आणि ओट्यावर सांडलेलं मार्मालेड काढणं म्हणजे फरशीवरची गोंदाची बरणी.

कुकरबद्दल मत चांगलं आहे. अख्खी फळं स्टीलच्या डब्यात, बुडतील एवढ्या पाण्यात, झाकण ठेवून शिजवा: पहिल्या शिट्टीनंतर आच मंद करून २० मिनिटं, मग वाफ आपोआप जिरू द्या. डबा यासाठी, की बहुतेक कुकर ॲल्युमिनियमचे असतात आणि सुट्या बिया वर उडून शिट्टीच्या भोकात बसू शकतात. शिजलेलं फळ चिरायला लोण्यासारखं. वास थोडा कमी राहतो, गॅस निम्मा लागतो.

वजनकाटा, तापमापी आणि बाकीची खेळणी

एकच वस्तू विकत घ्यायची असेल तर वजनकाटा घ्या. दहा किलो क्षमतेचा, एक ग्रॅमपर्यंत दाखवणारा साधा इलेक्ट्रॉनिक काटा पुरतो. पाच किलोचा घेऊ नका, कारण भरलेलं जाड पातेलं त्याच्या मर्यादेला टेकतं. घेतल्यावर दहा रुपयांची दहा नाणी ठेवून बघा, ७७ ग्रॅम दाखवायला हवं. हलक्या वजनाला बरोबर आणि जड वजनाला चूक असे काटे असतात, म्हणून नंतर न फोडलेली एक किलोची मिठाची पिशवीही ठेवा.

काट्याचं महत्त्व असं. तयार मार्मालेडचं वजन घातलेल्या साखरेच्या १.६ पट झालं की साखरेचा अंश जिथे हवा तिथे येतो. सव्वा किलो साखर, म्हणजे दोन किलो मार्मालेड. रिकाम्या पातेल्याचं वजन आधी लिहून ठेवायचं, उकळताना शंका आली की आच बंद करून पातेलं काट्यावर, खाली लाकडी पाटाचा तुकडा (त्याचं वजन वजा), आणि आकडा वाचायचा. उंची, हवामान, तापमापीचा दर्जा, काहीच आड येत नाही.

तापमापीचं तसं नाही. सगळ्या पुस्तकांत १०४ ते १०५ अंश सेल्सियस लिहिलेलं असतं. तो आकडा समुद्रसपाटीचा. पुणं सुमारे ५६० मीटर उंचीवर आहे, इथे पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळतं. मार्मालेड तयार होण्याचा बिंदू पाण्याच्या उत्कलनबिंदूपेक्षा साडेचार अंश वर, म्हणजे इथे १०२.५. पुस्तकाबरहुकूम १०४.५ गाठेपर्यंत आटवलं, तर साखरेचा अंश ७२-७४ टक्क्यांवर जातो. मग ते चामड्यासारखं होतं आणि महिन्याभरात कडेला खडीसाखर धरते. पुण्यातलं निम्मं ‘घट्ट झालेलं’ मार्मालेड या दोन अंशांचं आहे. महाबळेश्वरला, साडेतेराशे मीटरवर, तोच बिंदू शंभरच्या आसपास येईल.

म्हणून कांडीची डिजिटल तापमापी घेतलीत तर आधी उकळत्या पाण्यात बुडवा, येईल तो आकडा लिहा, त्यात साडेचार मिळवा. तुमच्या घरासाठी आणि तुमच्या तापमापीसाठी तो आकडा खरा. कांडीचं टोक तळाला टेकवू नका, मिश्रणाच्या मध्यात ठेवा. बंदुकीसारखी लेझरची तापमापी मात्र या कामाला निरुपयोगी आहे. ती फक्त वरच्या पृष्ठभागाचं तापमान वाचते, मध्ये वाफ आली की फसते आणि चकचकीत स्टीलवर तर काहीही दाखवते. तव्यासाठी ठीक.

ब्रिक्समापीचं (थेंबातला साखरेचा अंश दाखवणाऱ्या उपकरणाचं) विचारणारेही आहेत. नारायणगाव-नाशिककडचे द्राक्ष बागायतदार वापरतात ती बहुधा ० ते ३२ ब्रिक्सची असते. मार्मालेडला ६५ मोजायचे, त्यामुळे तिच्यात काही दिसणारच नाही. विकण्यासाठी करणार असाल तर ५८ ते ९० ची घ्या आणि थेंब गार करूनच काचेवर ठेवा. घरासाठी काटा पुरे.

आणि एक फुकटचं साधन: फ्रीझरमध्ये ठेवलेल्या दोन बशा. गार बशीवर अर्धा चमचा मार्मालेड, एक मिनिट थांबा, बोटाने ढकला. पृष्ठभागावर सुरकुती पडली आणि बोटाने केलेली वाट लगेच भरून आली नाही, तर झालं. बशी बघत असताना आच बंद. हे विसरलं की त्या एका मिनिटात पुढे गेलेलं परत आणता येत नाही.

हे सामान घेऊन करायचं कसं

मोसंबी ६०० ग्रॅम (मध्यम आकाराची तीन-चार), ईडलिंबू ४०० ग्रॅम, पाणी १.८ लिटर, साखर १.२५ किलो, कागदी लिंबाचा रस ३० मिलि हाताशी. कुकरमध्ये फळ शिजवणार असाल तर पाणी ८०० मिलि पुरतं.

उघड्या पातेल्याची रीत घेऊ. फळं धुऊन, अर्धी करून रस काढून ठेवा. आतली पापुद्री, बिया आणि ईडलिंबाचा जास्तीचा पांढरा थर एका फडक्यात बांधून पुरचुंडी करा. चक्का टांगायचं फडकं किंवा जुना पंचा उत्तम, मात्र त्याला साबणाचा वास नको. पुरचुंडी सैल बांधा, घट्ट बांधली तर पाणी आत फिरत नाही. साल तीन-चार मिलिमीटर रुंदीच्या कापांत चिरा, शिजून आणि साखर पिऊन ते फुगतात. मिक्सरला लावू नका, रस गढूळ होतो. साल, रस, पाणी, पुरचुंडी रात्रभर एकत्र ठेवा. पेक्टिन पाण्यात उतरायला इथूनच सुरुवात होते. उन्हाळ्यात पातेलं फ्रिजमध्ये, नाहीतर सकाळी आंबूस वास येतो.

सकाळी उकळी आणून मंद आचेवर दीड तास. साल शिजली की नाही हे डोळ्यांनी कळत नाही. एक काप गार करून अंगठा आणि बोटात दाबा, तो विनातक्रार चिरडला पाहिजे. या जागी घाई केली तर सगळं गेलं, कारण साखर पडल्यावर कच्ची साल पुढे शिजत नाही, उलट आकसते. अर्धकच्च्या सालीचं मार्मालेड म्हणजे सुतळीचे तुकडे घातलेली जेली.

पुरचुंडी ताटलीत गार करून जोरात पिळा. निघणारा बुळबुळीत, पांढुरका रस हाच सगळ्यात मोलाचा, तो पातेल्यात परत. काहीजण ‘बुळबुळीत आहे’ म्हणून फेकतात आणि नंतर पेक्टिनची पूड आणायला जातात. आता काटा. सालीसकट ऐवज १.३ ते १.४ किलो असावा. जास्त असेल तर साखरेआधीच आटवा, कारण साखर पडल्यानंतरचा प्रत्येक जादा मिनिट रंग आणि पेक्टिन दोन्ही खातो.

पेक्टिन पुरेसं आहे का, हे इथेच तपासता येतं. पातेल्यातलं एक चमचा पाणी गार करून वाटीत घ्या, त्यात तीन चमचे स्पिरिट हलक्या हाताने मिसळा, दोन मिनिटं थांबा. एकसंध गोळा झाला तर पूर्ण सव्वा किलो साखर घ्या. तुकडे-तुकडे झाले तर किलोवर या. नुसते धागे दिसले तर अजून आटवा. वाटीतलं ताबडतोब फेका, स्पिरिट विषारी असतं आणि पेट घेतं. ही परीक्षा शेगडीपासून लांब.

साखर मंद आचेवर पूर्ण विरघळू द्या, कडेचे दाणे ओल्या ब्रशने खाली घ्या. एक दाणा उरला तरी पुढे तोच साखर धरायचं निमित्त होतो. मग मोठ्या शेगडीवर, पूर्ण आच. सुरुवातीला बुडबुडे मोठे, सैल आणि फेसाळ असतात. पंधरा-वीस मिनिटांत ते बारीक, जड होतात आणि आवाज बदलतो, सळसळ जाऊन थबथब सुरू होते. तेव्हा बशी काढा, काटा काढा. दोघांचं एकमत झालं की आच बंद. काटा दोन किलो म्हणतोय आणि सुरकुती नाही, तर आटवू नका, आम्ल कमी आहे. लिंबाचा रस घालून दोन मिनिटं उकळा आणि पुन्हा बघा.

बंद केल्यावर पंधरा मिनिटं हात लावायचा नाही. लगेच भरलं तर काप वर तरंगतात आणि बरणीत खाली नुसती जेली राहते. थोडं जड झालं, की एकदा ढवळून भरा. पण ८५ अंशांच्या खाली जाऊ देऊ नका, नाहीतर बरणीतली बुरशी मरत नाही.

बरण्या

रविवार पेठेत, बोहरी आळीच्या परिसरात फिरकीच्या पत्री झाकणाच्या काचेच्या बरण्या डझनाने मिळतात. ३०० मिलिची बरणी साधारण ४०० ग्रॅम मार्मालेड घेते, म्हणजे वरच्या प्रमाणाला पाच. लोणच्याच्या जुन्या बरण्या चालतात, जुनी झाकणं नाही. झाकणातल्या रबरी थरात हिंग आणि मोहरी कायमची मुक्कामाला असतात. प्लॅस्टिकच्या पारदर्शक बरण्या सत्तर अंशांच्या पुढे मऊ पडून आक्रसतात, त्या इथे बाद.

बरण्या धुऊन १२० अंशांवर ओव्हनमध्ये वीस मिनिटं, किंवा उकळत्या पाण्यात दहा मिनिटं. गरम बरणीतच गरम भरायचं, आणि बरणी ग्रॅनाइटच्या गार ओट्यावर ठेवायची नाही, तळ गोल तडकतो. घडी केलेलं फडकं खाली ठेवा. काठाखाली अर्धा सेंटिमीटर सोडून भरा, काठ पुसा, झाकण लावा. उलटी करून ठेवायची रीत अनावश्यक आहे, गरम भरली की झाकण आपोआप आत ओढलं जातं.

बिघाड

थिजायला चोवीस तास द्या, ईडलिंबाच्या मिश्रणाला कधी दोन दिवस. त्याआधी निकाल लावू नका. दोन दिवसांनी पातळ असेल तर सगळं पातेल्यात, २५ मिलि लिंबाचा रस, आणि पुन्हा वजनावर आणा. बहुतेकदा जमतं. तिसऱ्यांदा उकळू नका, तोवर पेक्टिन उरलेलं नसतं. वर पाणी सुटत असेल तर आम्ल जास्त झालंय. ते खायला चांगलं असतं, फक्त देखणं नसतं. महिन्याभरात साखर धरली तर एकतर जास्त आटलं किंवा दाणे राहिले. बरणी गरम पाण्यात ठेवून तात्पुरतं सुटतं, पुन्हा धरतं. वर बुरशी दिसली तर चमच्याने तेवढी काढून खायचा विचार करू नका, बरणी टाका. कारण बहुधा ओला चमचा, नाहीतर ‘जरा कमी गोड करू’ म्हणून उडवलेली साखर. ६५ टक्के ही चवीची नाही, टिकण्याची अट आहे. कमी साखरेचं हवं असेल तर फ्रिजमध्ये ठेवा आणि तीन-चार आठवड्यांत संपवा.

आणि जे काही केल्या थिजत नाही, ते गाळून बाटलीत भरा. चमचाभर गार पाण्यात घातलं की सरबत होतं. गाळलेले काप ताटात पसरून वाळवले की शिऱ्यात घालायला येतात.